लँड डेस्कटॉपचं जुनं प्रोजेक्ट आलंय? डेटा असा बाहेर काढा

पुण्यात, नाशकात, नवी मुंबईत बसून अमेरिकेतल्या साइट डेव्हलपमेंटची ड्रॉइंगं करणारे आपल्यातले बरेच जण आहेत आणि त्यांच्याकडे कधी ना कधी हे काम येतंच. वीसेक वर्षांपूर्वी लँड डेस्कटॉपमध्ये (सिव्हिल थ्रीडीच्या आधीचं ऑटोडेस्कचं सिव्हिल सॉफ्टवेअर) केलेलं सबडिव्हिजन, म्हणजे प्लॉट पाडलेली जमीन, त्याचा पुढचा फेज आता करायचाय, क्लायंट म्हणतो जुना सर्फेस (जमिनीच्या चढउताराचं मॉडेल) आणि रस्त्यांच्या अलाइनमेंट (आखणीच्या रेषा) तशाच वापरा, आणि सोबत एक झिप. नवीन मुलं झिप उघडतात, त्यातली डीडब्ल्यूजी (ऑटोकॅडची ड्रॉइंग फाइल) आजच्या सिव्हिल थ्रीडीत ओढतात, कंटूर दिसतात, पॉइंट दिसतात, पण क्लिक केलं की प्रॉपर्टीत प्रॉक्सी (सॉफ्टवेअरला न कळणाऱ्या ऑब्जेक्टचं नुसतं चित्र) असं येतं, सर्फेसचा पत्ता नाही, अलाइनमेंट नाही, मग कंटूरवरून नवा सर्फेस बनवून काम पुढे रेटतात. कृपा करून असं करू नका. खरा डेटा बऱ्याचदा शाबूत असतो, फक्त तो त्या ड्रॉइंगमध्ये नसतो. कुठे असतो आणि कसा काढायचा ते सविस्तर लिहितोय, कारण हे माहीत असलेले लोक आता एकेक करून रिटायर होताहेत.

आधी थोडा इतिहास, फोल्डर कुठल्या काळातला आहे हे ओळखायला तो लागतो. न्यू हॅम्पशायर राज्यात हेनिकर नावाच्या छोट्या गावात डीसीए इंजिनिअरिंग ही कंपनी ऑटोकॅडवर चालणारी सिव्हिलची मॉड्यूल्स विकायची, तिचंच पुढे सॉफ्टडेस्क झालं आणि १९९७ मध्ये ऑटोडेस्कनं ती विकत घेतली (तेव्हा अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशननं अट घातली होती की सॉफ्टडेस्ककडे तयार होत असलेलं इंटेलिकॅड ऑटोडेस्कला घेता येणार नाही, आज इंटेलिकॅडवर चालणारी जी परवडणारी कॅड पॅकेजं मिळतात त्यांचं मूळ त्यात आहे). मग लँड डेव्हलपमेंट डेस्कटॉप आलं, आर१ हे ऑटोकॅड आर१४ वर, आर२ ऑटोकॅड २००० वर, पुढे नाव नुसतं लँड डेस्कटॉप झालं आणि २००९ ची आवृत्ती ही शेवटची. सिव्हिल डिझाइन आणि सर्व्हे ही त्याची जोडीची पॅकेजं. मधली काही वर्षं अशी होती की एकाच ऑफिसात अर्धी माणसं लँड डेस्कटॉपवर आणि अर्धी सिव्हिल थ्रीडीवर, त्यामुळे एकाच प्रोजेक्टमध्ये दोन्हीच्या फाइली सापडल्या तरी गोंधळू नका.

प्रोजेक्ट म्हणजे फोल्डर

सिव्हिल थ्रीडीत सर्फेस, अलाइनमेंट, पॉइंट सगळं डीडब्ल्यूजीच्या आत राहतं म्हणून आपल्याला तीच सवय. लँड डेस्कटॉपचं तसं नव्हतं. तिथे ड्रॉइंग म्हणजे नुसतं चित्र, हिशोब सगळा बाहेर एका प्रोजेक्ट फोल्डरमध्ये. त्या फोल्डरच्या आत कोगो नावाचा सबफोल्डर, त्यात पॉइंट्स डॉट एमडीबी, हा सगळ्या सर्व्हे पॉइंटांचा डेटाबेस. डीटीएम नावाच्या फोल्डरमध्ये प्रत्येक सर्फेसचा एकेक फोल्डर, त्यात टीआयएन (त्रिकोणांचं जाळं) एक्स्टेन्शनची आणि पीएनटी एक्स्टेन्शनची फाइल. अलाइन नावाच्या फोल्डरमध्ये अलाइनमेंट आणि त्यांच्याशी जोडलेली प्रोफाइलं (रस्त्याच्या लांबीतले उभे छेद), क्रॉस सेक्शनं. डीडब्ल्यूजी नावाच्या फोल्डरमध्ये ड्रॉइंगं, तीही असली तर, कारण ड्रॉइंगं दुसरीकडे ठेवायची पद्धत बऱ्याच ऑफिसांत होती. शिवाय डीएफएम एक्स्टेन्शनच्या सेटिंगच्या फाइली.

तेव्हा झिपमध्ये नुसत्या डीडब्ल्यूजी असतील तर कामाला हात लावायच्या आधी क्लायंटला मेल टाका. नुसतं जुना डेटा पाठवा असं लिहू नका, तिकडच्या माणसाला कळत नाही, तो परत त्याच डीडब्ल्यूजी पाठवतो. स्पष्ट लिहा की तुमच्या जुन्या सर्व्हरवर किंवा बॅकअपमध्ये लँड प्रोजेक्ट्स आर२, लँड प्रोजेक्ट्स २००४ अशा धर्तीच्या नावाचा फोल्डर शोधा (इन्स्टॉल करताना सी ड्राइव्हवर आपोआप असाच बनायचा, पुढे ऑफिसं तो सर्व्हरवर न्यायची), त्यात या कामाच्या नावाचा सबफोल्डर असेल, तो आतल्या सगळ्यासकट जसाच्या तसा झिप करून द्या. नाव सापडत नसेल तर सर्व्हरवर पॉइंट्स डॉट एमडीबी हे फाइलनेम सर्च करायला सांगा, ती जिथे सापडेल तिच्या दोन पायऱ्या वर प्रोजेक्ट. हा उपाय फारच कामाचा आहे.

फोल्डर आला की पहिलं काम, एक कॉपी रीड ओन्ली करून बाजूला ठेवा आणि त्याला परत शिवू नका. दुसऱ्या कॉपीवर काम करा. आतल्या कुठल्याही फोल्डरचं नाव बदलू नका, स्पेस काढू नका, नीटनेटकं करायला जाऊ नका, कारण सॉफ्टवेअर नावानंच शोधतं. कोगोमध्ये एमडीबीच्या शेजारी त्याच नावाची एलडीबी फाइल दिसली तर ती ॲक्सेसची लॉक फाइल असते, म्हणजे कॉपी करताना कुणीतरी डेटाबेस उघडा ठेवला होता किंवा कधीकाळी मशीन मधेच बंद पडलं होतं. अशा वेळी पॉइंट अर्धवट आलेत का ते विशेष तपासा, जमलं तर परत एकदा कॉपी मागवा.

ड्रॉइंग उघडण्याआधी

डीडब्ल्यूजी कुठल्या आवृत्तीची आहे हे बघायला कॅड लागत नाही, नोटपॅडमध्ये उघडा आणि पहिली सहा अक्षरं वाचा. एसी१००९ म्हणजे आर१२, एसी१०१२ म्हणजे आर१३, एसी१०१४ म्हणजे आर१४, एसी१०१५ म्हणजे २०००, एसी१०१८ म्हणजे २००४, एसी१०२१ म्हणजे २००७ चा फॉरमॅट. एसी१०१४ किंवा त्याआधीचं निघालं तर सॉफ्टडेस्कच्या काळातलं असण्याची शक्यता धरून चाला, आणि तिथे पॉइंटची गोष्ट वेगळी आहे, पुढे सांगतो. सेव्ह न करता बंद करा एवढं मात्र लक्षात ठेवा, नोटपॅडनं डीडब्ल्यूजी सेव्ह झाली की ती गेली.

ऑटोकॅडमध्ये थेट ओपन करण्यापेक्षा रिकव्हर कमांडनं उघडा, मग ऑडिट करा. इतक्या जुन्या फाइलीत काही ना काही निघतंच. ऑटोकॅड नसेल तर ऑटोडेस्कचं डीडब्ल्यूजी ट्रूव्ह्यू किंवा ओडीए फाइल कन्व्हर्टर, दोन्ही फुकट आहेत, आवृत्ती बदलायला आणि नजर टाकायला पुरतात.

आता प्रॉक्सी. लँड डेस्कटॉपचे कंटूर आणि पॉइंट ही त्याची स्वतःची ऑब्जेक्टं, साध्या ऑटोकॅडला ती कळत नाहीत, म्हणून साठवून ठेवलेलं चित्र तेवढं तो दाखवतो. चित्राऐवजी नुसते चौकोन दिसत असतील तर प्रॉक्सीशो हे व्हेरिएबल १ करा आणि रीजन (ड्रॉइंग पुन्हा दाखवायची कमांड) मारा. तरी चौकोनच राहिले तर ज्यानं शेवटचं सेव्ह केलं त्याच्याकडे प्रॉक्सीग्राफिक्स ० होतं, म्हणजे चित्र फाइलमध्ये साठवलंच गेलं नाही, तिथे ऑब्जेक्ट एनेबलर (अशी ऑब्जेक्टं ओळखणारं जोड-सॉफ्टवेअर) असलेल्या किंवा सिव्हिल थ्रीडी असलेल्या मशीनवर उघडून बघावं लागतं. सगळं सिलेक्ट करून एक्स्प्लोड मारायची घाई करू नका. प्रॉक्सी फुटतीलच याची खात्री नसते, आणि फुटले तरी कंटूरचे तुकडे होऊन लेव्हल गेली असं होऊ शकतं. एखादाच कंटूर फोडून बघा, त्याचं एलिव्हेशन प्रॉपर्टीत शाबूत आहे का, लेबलवरच्या आकड्याशी जुळतं का, मग पुढचं.

फाँटचंही एक सांगून ठेवतो. टेक्स्ट स्टाइलची नावं एल८०, एल१००, एल१२० अशी दिसली तर ती लेरॉयची पद्धत, आकडा इंचाच्या हजाराव्या भागात. एल१०० म्हणजे कागदावर ०.१ इंच. मॉडेल स्पेसमध्ये त्या स्टाइलची उंची ५ दिसली तर मूळ स्केल १ इंच = ५० फूट. एल८० ची उंची ३.२ असेल तर १ इंच = ४० फूट. टायटल ब्लॉक हरवलेल्या ड्रॉइंगचं स्केल यावरून चटकन कळतं.

पॉइंट

इथे सावकाश जाऊया, कारण बाकी सगळं याच्यावर उभं आहे.

तुमच्या सिव्हिल थ्रीडीत लँड डेस्कटॉपचा पॉइंट डेटाबेस इम्पोर्ट करायची सोय असेल तर तिथून पॉइंट्स डॉट एमडीबी दाखवा, सरळ येतात. नसेल, किंवा डेटाबेस ड्रायव्हरवरून तक्रार करत असेल, तर एमडीबी थेट ॲक्सेसमध्ये उघडा. शेवटी ते साधं टेबलच आहे, पॉइंट नंबर, नॉर्दिंग (उत्तरेकडचं अंतर), ईस्टिंग (पूर्वेकडचं अंतर), एलिव्हेशन म्हणजे लेव्हल, डिस्क्रिप्शन. फाइल ॲक्सेस ९७ च्या फॉरमॅटची निघाली तर ॲक्सेस २०१३ आणि पुढच्या आवृत्त्या ती उघडत नाहीत, त्यासाठी कुणाकडे तरी ॲक्सेस २००३ किंवा २०१० शोधा, किंवा लिनक्सवर एमडीबी टूल्स नावाचं फुकट पॅकेज आहे त्यानं टेबल सीएसव्हीत काढा. मला स्वतःला हा दुसरा रस्ता आवडतो, कारण मूळ फाइलला धक्का लागत नाही आणि आत नेमकं काय आहे ते डोळ्यांनी दिसतं.

सीएसव्हीत काढताना क्रम पीएनईझेडडी ठेवा, नंबर, नॉर्दिंग, ईस्टिंग, लेव्हल, डिस्क्रिप्शन, अमेरिकेत हाच सगळीकडे चालतो. डिस्क्रिप्शन दोन असतात, रॉ आणि फुल. रॉ म्हणजे फील्डवरच्या माणसानं डेटा कलेक्टरमध्ये टाकलेलं, फुल म्हणजे डिस्क्रिप्शन की (कोडवरून वर्णन आणि चिन्ह ठरवणारा तक्ता) लावून सॉफ्टवेअरनं केलेलं. रॉ घ्याच घ्या. झाडाचा कोड, खोडाची जाडी, जात हे सगळं रॉमध्ये असतं आणि तुमच्या नव्या डिस्क्रिप्शन की त्याच्यावरच चालणार आहेत. दोन्ही कॉलम ठेवलेत तर उत्तमच.

मग एक्सेलमध्ये एलिव्हेशनच्या कॉलमवर सॉर्ट करा. वरची आणि खालची टोकं बघा. प्रॉपर्टी कॉर्नर, काँप्युटेड पॉइंट यांना लेव्हलच नसते, तिथे कोरं किंवा शून्य किंवा भलताच आकडा असतो, आणि असे पॉइंट सर्फेसमध्ये गेले की साइटच्या मधोमध शेकडो फूट खोल खड्डा पडतो. खड्डा पडला तर बरंच म्हणायचं कारण तो दिसतो, त्रास होतो तो थोड्या चुकीचा. म्हणून लेव्हल नसलेले पॉइंट वेगळ्या ग्रुपमध्ये टाका, पुसू नका, कॉर्नर पुढे लागतात.

सॉफ्टडेस्कच्या काळातलं ड्रॉइंग असेल तर पॉइंट हे ॲट्रिब्यूट असलेले साधे ब्लॉक असतात, नंबर, लेव्हल, डिस्क्रिप्शन ॲट्रिब्यूटमध्ये. ही चांगली बातमी आहे, कारण प्रोजेक्ट फोल्डर मिळाला नाही तरी नुसत्या ड्रॉइंगमधून पॉइंट परत मिळतात. डेटा एक्स्ट्रॅक्शन कमांड चालवा, त्या ब्लॉकचं एक्स, वाय आणि ॲट्रिब्यूट टेबलमध्ये काढा, झालं. लेव्हल मात्र ॲट्रिब्यूटमधलीच घ्या. ब्लॉकचा झेड बऱ्याचदा शून्य असतो. सिव्हिल थ्रीडीत सॉफ्टडेस्क पॉइंट आणि लँड डेस्कटॉप पॉइंट कन्व्हर्ट करायच्या कमांडही आहेत, त्या वापरल्यात तर वाचल्या गेलेल्या पॉइंटांची संख्या ड्रॉइंगमधल्या ब्लॉकच्या संख्येशी ताडून बघा.

सर्फेस

सिव्हिल थ्रीडीत क्रिएट सर्फेस फ्रॉम टीआयएन अशी कमांड आहे, तिला डीटीएमच्या आतली टीआयएन फाइल द्या. पीएनटी फाइल त्याच फोल्डरमध्ये राहू द्या, टीआयएन एकटीच उचलून डेस्कटॉपवर आणली तर काम होत नाही. जो सर्फेस येतो त्यात त्रिकोण अगदी मूळचे असतात, पण ब्रेकलाइन (उतार बदलतो त्या कडांच्या रेषा), बाउंड्री ही व्याख्या सोबत येत नाही. म्हणजे वापरायला तो उत्तम, बदलायला नाही. पुढच्या फेजसाठी एक्झिस्टिंग ग्राउंड म्हणून वापरायचा असेल तर हेच हवं असतं.

डीटीएममध्ये ईजी, ईजी२, ईजीन्यू, एफजी, एफजीफायनल, टेस्ट अशी नावं दिसतील (ईजी म्हणजे मूळ जमीन, एफजी म्हणजे काम झाल्यावरची). नावावर जाऊ नका. तारीख बघा, पण तारखेवरही पूर्ण विसंबू नका, कॉपी करताना ती बदलते. खात्रीचा मार्ग एकच, इंजिनिअरच्या सही शिक्क्याचा जो ग्रेडिंग प्लॅन मंजूर झाला त्याची पीडीएफ मागवा, त्यावरचे आठ-दहा स्पॉट एलिव्हेशन वेगवेगळ्या कोपऱ्यांतले घ्या, आणि प्रत्येक सर्फेसवर त्या जागी लेव्हल काय येते ते बघा. जो जुळला तो खरा. कुठलाच जुळला नाही तर ते क्लायंटला लेखी कळवा, आपल्या मनानं जवळचा निवडू नका.

कुणाकडे चालू स्थितीतलं लँड डेस्कटॉप अजून असेल तर त्याच्याकडून लँड एक्सएमएल काढून घेणं सगळ्यात चांगलं, त्यात पॉइंट, सर्फेस, अलाइनमेंट, प्रोफाइल, पार्सल एकत्र येतात आणि ही टेक्स्ट फाइल असल्यानं पुढची अनेक वर्षं कुठलंही सॉफ्टवेअर ती वाचेल. हातानं वाचणार असाल किंवा स्क्रिप्ट लिहिणार असाल तर दोन गोष्टी. त्यात पॉइंटचा क्रम नॉर्दिंग, ईस्टिंग, एलिव्हेशन असा असतो, म्हणजे वाय आधी, एक्स नंतर, सरळ एक्स वाय समजून आणलं तर साइट आरशात बघितल्यासारखी उलटी येते. आणि फेसच्या यादीत काही त्रिकोणांना आय बरोबर १ असं ॲट्रिब्यूट असतं, ते अदृश्य त्रिकोण, बाउंड्रीच्या बाहेरचे किंवा मुद्दाम लपवलेले. ते गाळले नाहीत तर व्हॉल्यूम चुकणार.

नुसते कंटूरच हातात असतील आणि दुसरा इलाजच नसेल तर कंटूरवरून सर्फेस करा, पण सपाट त्रिकोण कमी करायचे पर्याय चालू ठेवा, आणि ड्रॉइंगवर ठळक लिहा की हा कंटूरवरून केलेला सर्फेस आहे. टेकडीचा माथा, नाल्याचा तळ, कर्बची कड हे सगळं त्यात बोथट झालेलं असतं. त्यावरून अर्थवर्कची क्वांटिटी देऊ नये असं माझं ठाम मत आहे.

अलाइनमेंट आणि प्रोफाइल

तुमच्या आवृत्तीत इम्पोर्ट लँड डेस्कटॉप असेल तर प्रोजेक्ट फोल्डर दाखवून अलाइनमेंट आणि प्रोफाइल आणता येतात. आणल्यावर सुरुवातीचं स्टेशन आणि स्टेशन इक्वेशन आधी बघा. आपल्याकडे चेनेज किलोमीटरमध्ये, तिकडे १०० फुटांचं एक स्टेशन, १२+५०.२५ म्हणजे १२५०.२५ फूट. जुन्या रस्त्याची आखणी मधे बदलली असेल तर स्टेशन इक्वेशन असतं, म्हणजे एका जागी स्टेशन एकदम पुढे किंवा मागे उडी मारतं, आणि ती उडी हरवली की तिथून पुढचे सगळे मॅनहोल आणि इनलेट चुकीच्या जागी बसतात.

डेटा नाहीच आणि प्लॅन शीट आहेत, तर कर्व्ह टेबलवरून नव्यानं बांधा. प्रत्येक कर्व्हचा हिशोब स्वतः करून ताडा: त्रिज्या ५०० फूट, डेल्टा (कर्व्हचा मध्यकोन) ३० अंश, तर लांबी २६१.८० आणि टँजंट १३३.९७ यायला हवा. टेबलमध्ये वेगळं असेल तर स्कॅन वाचताना ३ चा ८ झालाय किंवा मूळ टेबलच चुकलंय. प्रोफाइलसाठी ग्रिड बघा, आडवं १ इंच = ५० फूट आणि उभं १ इंच = ५ फूट असेल तर उभं दहापट ताणलेलं. डेटम लाइन ६४० ची असेल आणि बिंदू तिच्या वर ७३.५ युनिटवर असेल तर लेव्हल ६४७.३५. ग्रेड ब्रेक आणि पीव्हीआय (दोन उतारांच्या रेषा मिळतात तो बिंदू) अशा वाचून नव्यानं टाका, पॉलीलाइन ट्रेस करत बसू नका.

फूट कुठला, डेटम कुठला

सगळं व्यवस्थित आलं, छान दिसतंय, आणि तरी काम चुकतं ते इथे.

अमेरिकेत दोन फूट होते. आंतरराष्ट्रीय फूट म्हणजे बरोबर ०.३०४८ मीटर. यूएस सर्व्हे फूट म्हणजे १२०० भागिले ३९३७ मीटर, ०.३०४८००६ च्या आसपास. फरक दर दहा लाखाला दोन. एखाद्या घराच्या प्लॉटवर हा फरक मोजताही येत नाही, पण स्टेट प्लेन (राज्यवार ठरवलेल्या) कोऑर्डिनेटमध्ये ईस्टिंग २०,००,००० फूट असलं की तोच फरक ४ फूट होतो. चार फुटांत सेटबॅक (हद्दीपासून मोकळं सोडायचं अंतर) मोडतो, इजमेंटमध्ये (दुसऱ्याच्या वापरहक्काच्या पट्ट्यात) पाइप जातो. २०२२ संपताना सर्व्हे फूट अधिकृतपणे बाद केला गेला, पण आपल्या हातातलं काम २००३ सालचं आहे, ते त्या वेळच्या त्या राज्याच्या कायद्यानं झालेलं. बहुतेक राज्यांत सर्व्हे फूट होता, ॲरिझोना, मिशिगन, ओरेगन, साउथ कॅरोलायना अशा थोड्या राज्यांत आंतरराष्ट्रीय. त्यामुळे राज्य कोणतं हे आधी बघा आणि कव्हर शीटवरची सर्व्हे नोट शब्द न् शब्द वाचा.

हा घोळ ड्रॉइंगमध्ये कसा दिसतो? एक्सरेफ (बाहेरून जोडलेलं दुसरं ड्रॉइंग) लावला आणि प्रॉपर्टीत त्याचा स्केल ०.९९९९९८ किंवा १.०००००२ दिसला की समजा, एका ड्रॉइंगचं इन्सयुनिट्स (एकक ठरवणारं व्हेरिएबल) नुसतं फूट आहे आणि दुसऱ्याचं यूएस सर्व्हे फूट, आणि ऑटोकॅडनं गुपचूप स्केल केलंय. स्केल शून्य-शून्य भोवती होतं म्हणून आकार तोच दिसतो, पण सगळी साइट सरकलेली असते. स्केल हातानं १ करून विषय मिटवू नका. दोन्ही ड्रॉइंगांचा खरा फूट कोणता ते ठरवा, युनिट दुरुस्त करा, मग परत लावा. सिव्हिल थ्रीडीत ड्रॉइंग सेटिंगमध्ये युनिट्स अँड झोन टॅबवर इम्पीरिअल ते मेट्रिक रूपांतर कोणत्या फुटानं हे निवडायची जागा आहे, तीही बघा.

मग डेटम, म्हणजे मोजणीचा ठरवलेला पाया: आडवा एनएडी२७ की एनएडी८३, आणि उभा एनजीव्हीडी२९ की एनएव्हीडी८८. उभ्याचा फरक सगळीकडे सारखा नाही. दक्षिण फ्लोरिडात नवा आकडा जुन्यापेक्षा साधारण दीड फूट कमी येतो, तर पश्चिमेच्या डोंगराळ भागात तीन फुटांहूनही जास्त वाढतो, म्हणून दुसऱ्या प्रोजेक्टमधला फरक उचलून इथे लावू नका. पुराच्या लेव्हलशी जोडलेलं काम असेल, म्हणजे जवळजवळ प्रत्येक सबडिव्हिजन, तर फ्लड मॅप कुठल्या डेटमवर आणि आपला सर्फेस कुठल्या हे जुळल्याशिवाय एकही फिनिश फ्लोअर लेव्हल लिहू नका.

कोऑर्डिनेट ५०००, ५००० किंवा १००००, १०००० च्या आसपास असतील तर ते मानलेले, स्टेट प्लेनशी त्यांचा संबंध नाही. आकडे मोठे असूनही प्लॅटवरच्या (नोंदणी झालेल्या प्लॉटच्या नकाशावरच्या) अंतराशी थोडे जुळत नसतील तर ग्रिड (नकाशावरचं अंतर) आणि ग्राउंडचा (जमिनीवरचं अंतर) प्रश्न असतो, कंबाइन्ड फॅक्टर (या दोन्हींचं गुणोत्तर) शोधा. तपासायची रीत सोपी आहे. एकमेकांपासून लांब असलेले दोन कंट्रोल पॉइंट घ्या, इन्व्हर्स काढा, बेअरिंग आणि अंतर रेकॉर्ड झालेल्या प्लॅटशी ताडा. जवळजवळचे घेतलेत तर चूक लपून राहते.

जुनं सॉफ्टवेअरच चालवायचं असेल तर

लँड डेस्कटॉप ३२ बिटचं, २००९ ची आवृत्तीसुद्धा ६४ बिट विंडोजसाठी नव्हती. म्हणून व्हर्च्युअल मशीनवर एक्सपी टाकून त्यात चालवतात. एक्सपीचा सपोर्ट एप्रिल २०१४ मध्ये संपला, तेव्हा त्या मशीनला इंटरनेट देऊ नका, फाइली फक्त शेअर्ड फोल्डरमधून आत-बाहेर. अडचण लायसन्सची असते. इतक्या जुन्या आवृत्त्यांना नवीन ॲक्टिव्हेशन मिळत नाही, त्यामुळे ज्या फर्मकडे कायदेशीर लायसन्स आधीच ॲक्टिव्हेट केलेलं जुनं मशीन चालू आहे त्यांनी ते भंगारात काढायच्या आधी त्यावरचे सगळे प्रोजेक्ट लँड एक्सएमएलमध्ये काढून घ्यावेत, एका बैठकीत होणारं काम आहे. क्रॅक केलेल्या कॉपीच्या मागे लागू नका, क्लायंटचा डेटा त्यात घालायचा असतो. कार्लसन (दुसऱ्या कंपनीचं सर्व्हे-सिव्हिल सॉफ्टवेअर) वापरणाऱ्यांना सोय आहे, त्यात लँड डेस्कटॉपचे पॉइंट आणि कंटूर कन्व्हर्ट करायच्या कमांड आहेत, सिव्हिल थ्रीडी अडलं तर तो रस्ता बघा.

काढलेला डेटा ठेवताना पॉइंट सीएसव्हीत, सर्फेस आणि अलाइनमेंट लँड एक्सएमएलमध्ये, आणि साध्या रेषांची एक डीडब्ल्यूजी, असं तिन्ही एका फोल्डरमध्ये. सोबत एक टेक्स्ट फाइल, त्यात राज्य आणि झोन, फूट कुठला, आडवा आणि उभा डेटम, ग्रिड की ग्राउंड, कंबाइन्ड फॅक्टर, कुठला सर्फेस कुठल्या शीटशी ताडला आणि किती फरक आला, कुठले पॉइंट सर्फेसमधून वगळले, आणि हे कुणी कधी केलं. फाइलचं नाव प्रोजेक्ट नंबरनंच सुरू करा, म्हणजे ती फोल्डरपासून वेगळी झाली तरी कुणाची आहे ते कळेल.